दुसरा माईक

३ मार्च, सकाळ

आजपासून तपास. सगळं तारीखवार लिहायचं. टीव्हीवरचे पोलीस काही लिहून ठेवत नाहीत, म्हणून त्यांना खुनी सापडायला साठ भाग लागतात.

पाओ-यू बातमी देऊन गेली. पाओ-यू म्हणजे शेजारीण. भिंतीला भिंत, आणि भिंत पातळ. माझूदेवीच्या वाढदिवसाला, एक मे रोजी, देवळापुढच्या स्टेजवर यंदा को लान-शिन गाणार. हो, तीच. रेकॉर्डवाली, सिनेमावाली, आठच्या मालिकेतली दुष्ट सासू. देवस्थान कमिटीने बोलावलंय म्हणे.

मी ‘बरं’ म्हटलं आणि मासा साफ करत राहिले. चेहऱ्यावर काही दिसू दिलं नाही. बोट कापलं, पण ते वेगळं.

आ-शुईला जाऊन एप्रिलमध्ये वर्ष होईल. वर्ष होतं न होतं तोच ही बाई आमच्या बंदरात. हा योगायोग आहे म्हणे. मी काय काल जन्मले?

४ मार्च

संशयित पहिला: हुआंग चिन-शुई, ऊर्फ आ-शुई, बर्फाच्या कारखान्यात फिटर, माझा नवरा. मयत.

संशयित दुसरी: को लान-शिन, गायिका व नटी. हयात.

पुरावा: एकच गाणं, आयुष्यभर. दर रविवारी देवळाच्या अंगणात वडाखाली कराओके चालतं. यंत्र कमिटीचं, आवाज ज्याचा त्याचा. आ-शुई दर रविवारी तिथे को लान-शिनचं ते द्वंद्वगीत लावायचा. पडद्यावर पुरुषाच्या ओळी निळ्या येतात, बाईच्या लाल. तो निळ्या ओळी म्हणायचा. लाल ओळी आल्या की गप्प. नुसतं वाजंत्र चालू, आणि हा पडद्याकडे बघत उभा. मग पुन्हा निळ्या.

पाओ-यूने एकदा विचारलं होतं, मी म्हणू का लाल? तिचा आवाज बरा आहे, ती स्वतःच सांगते. हा म्हणाला, “राहू दे.” त्याला पंधरा-वीस वर्षं झाली असतील. पाओ-यू अजून विसरलेली नाही.

म्हणजे काय? त्या जागी त्याला दुसऱ्या कुणाचा आवाज चालत नव्हता. लाल ओळी एका ठरावीक बाईसाठी राखून ठेवल्या होत्या.

आणि या सगळ्यात मी कुठे? मी शेजारी उभी. हातात दुसरा माईक. गाणं सुरू व्हायच्या आधी तो माझ्या हातात द्यायचा आणि मी धरून उभी राहायची, हमालासारखी. नवरा परक्या बाईसाठी गातोय आणि बायको सामान सांभाळतेय. सगळं गाव बघत होतं.

७ मार्च

मेई-हुईचा काओशुंगहून फोन. मुलगी फोन करते तेव्हा आधी विचारते जेवलीस का, मग मुद्द्यावर येते. आज आधीच मुद्द्यावर आली. मोठ्या काकांनी तिला विचारलंय, राख कधी मिळवायची?

रीत अशी की गेलेल्या माणसाच्या नावाची पाटी वर्षभर वेगळ्या टेबलावर राहते. त्याच्या उदबत्तीचा कुंडा वेगळा, त्याचा भात वेगळा. वर्ष भरलं की त्याच्या कुंड्यातली चिमूटभर राख पूर्वजांच्या मोठ्या कुंड्यात मिसळायची, नाव मोठ्या पाटीवर लिहायचं, आणि छोटं टेबल उचलून ठेवायचं. मग तो एकटा उरत नाही. सगळ्या हुआंगांमधला एक होतो.

मी म्हटलं, पंचांगात चांगला दिवस नाही. ती म्हणाली, तिच्या फोनमधल्या पंचांगात चार आहेत.

फोनवर विश्वास ठेवू नये. मुलीवरही, ती काकांच्या बाजूची झाली आहे.

खरं कारण तिला सांगितलं नाही. चौकशी चालू असलेल्या माणसाला पूर्वजांत बसवता येत नाही. एकदा आत गेला की त्याला वेगळं काढून विचारणार कसं?

१० मार्च

वाचनालयात गेले. तिथली बाई मला ओळखते. मी जुनी मासिकं मागितली तेव्हा म्हणाली, आजी, आज कोण सापडलंय तावडीत? काय बोलायची पद्धत आहे.

शाळेत मी गेले नाही. आम्ही पाच बहिणी कालवं सोलायला बसायचो. वाचायला मी नंतर शिकले, माझी मी. आता वर्तमानपत्र पूर्ण वाचते, खालच्या जाहिरातींसकट. त्यामुळे मला फसवणं अवघड आहे.

को लान-शिनची हकीकत मासिकांतून जुळवली ती अशी:

जन्म मिठागराच्या गावात. बाप अकॉर्डियन वाजवायचा, डोळ्यांनी कमी दिसायचं. ही नऊ वर्षांची असल्यापासून त्याचा हात धरून खानावळी-खानावळीत फिरायची. टेबलापुढे उभं राहायचं, लोक जेवताना गायचं, पुढच्या टेबलाकडे जायचं. सतराव्या वर्षी रेडिओच्या स्पर्धेत पहिली. मग रेकॉर्ड. मग टीव्ही, पण टीव्हीवर तेव्हा आपल्या बोलीतली गाणी मोजकीच चालायची, म्हणून तिला सरकारी भाषेत गायला लावलं, आणि उच्चार चुकले की स्टुडिओतले हसायचे. मग सिनेमे; बहुतेकांत शेवटच्या रिळात मरते. मग घशाचं ऑपरेशन. मग अचानक जपान, तिथल्या क्लबांत गाणं, बरीच वर्षं. मग परत. मग मालिकेतली सासू.

आता महत्त्वाचं. एका मुलाखतीत ती म्हणते की लहानपणी बापाबरोबर एक हिवाळा ती तुंगकांगला होती. म्हणजे आमच्या बंदरात. मासळीबाजारामागच्या खानावळींत गायची.

बर्फाचा कारखाना मासळीबाजारामागे आहे.

आ-शुई तेव्हा कारखान्यात उमेदवारीला होता. तो चौदाचा, ती बाराची. लोक म्हणतील पोरं होती. अशाच गोष्टी लहानपणी सुरू होतात. मी मालिका पाहिल्यात.

आणि जपानला गेली ते वर्ष कोणतं? आमच्या लग्नाचं. मासिकात लिहिलंय, घशाला हवापालट हवा होता म्हणून. घशाला!

१६ मार्च

साक्षीदाराला विचारायचं ठरवलं. म्हणजे आ-शुईलाच.

दहाची दोन नाणी त्याच्या टेबलापुढे टाकायची. एक मुंडकं एक आकडा पडला तर हो. दोन्ही आकडे तर नाही. दोन्ही मुंडकी पडली तर समोरचा हसतोय. रोज जेवण वाढून झाल्यावर ‘जेवलास का’ असं नाण्यांनी विचारते, तो एका टाकण्यात हो म्हणतो. खाण्याच्या बाबतीत त्याने कधी वेळ लावला नाही.

आज कालवांचं धिरडं ठेवलं, त्याच्या आवडीचं, वर गोड सॉस. मग विचारलं: तुझं त्या बाईशी काही होतं का?

दोन मुंडकी.

पुन्हा विचारलं. दोन मुंडकी.

नाणी बदलली. नवी कोरी आणली पाओ-यूकडून. दोन मुंडकी.

जिवंतपणीही असंच करायचा. काही विचारलं की हसायचा आणि पान्हे पुसत बसायचा. हसणं म्हणजे उत्तर टाळणं. नोंद केली आहे.

धिरडं मात्र संपवलं, असं नाण्यांनी लगेच सांगितलं.

२४ मार्च

गाण्याचे शब्द नीट तपासले. इतकी वर्षं ऐकलंय, पण पुरावा म्हणून ऐकलं नव्हतं.

बोट सुटलेली आहे. पुरुष बोटीवर, बाई धक्क्यावर. तो विचारतो, बंदर मागे पडलं, तू अजून उभी आहेस का? ती म्हणते, उभी आहे. पाय दुखतात, पण उभी आहे. तो म्हणतो, धुकं आलं, मला काही दिसत नाही, तू अजून उभी आहेस का? ती पुन्हा तेच. तिसऱ्यांदाही तेच. बाईला दुसरं वाक्यच नाही. सोपं काम. त्यावर हिने आयुष्य काढलं.

बंदर कोणतं, हे गाण्यात सांगितलेलं नाही. मुद्दामच सांगितलेलं नाही.

तपासाशी संबंध नाही, पण लिहून ठेवते. मी वाचायला याच गाण्यावर शिकले. आ-शुई लाल ओळींना गप्प राहायचा, त्यामुळे ती अक्षरं पडद्यावर आरामात बघता यायची. निळ्या ओळी त्याच्या आवाजात निघून जायच्या. लाल तेवढ्या माझ्यासाठी उरायच्या. पहिलं अक्षर ओळखलं ते ‘उभी’, अख्खा शब्द एका अक्षरात. घरी येऊन तांदळाच्या पिठात बोटाने काढलं. आ-शुईने बघितलं, काही बोलला नाही. पुढच्या रविवारी पुन्हा तेच गाणं लावलं.

लोकांना वाटेल यात त्याचा चांगुलपणा. त्याला ते गाणं तसंही लावायचंच होतं.

५ एप्रिल

पितरांचा दिवस. मोठे दीर आले, बरोबर जाऊबाई आणि डबाभर पातळ पोळ्या. आम्ही पोळ्यांत कोबी, अंडं, शेंगदाण्याचं कूट भरून गुंडाळ्या केल्या. दीर तीन खाऊन झाल्यावर मुद्द्यावर आले. खाल्ल्याशिवाय ते कठोर बोलू शकत नाहीत.

म्हणाले, एकोणीस तारखेला वर्ष भरतंय. राख मिळवून टाक. मी म्हटलं, भावजी, यंदा ग्रह बरोबर नाहीत. ते म्हणाले, कुणाचे? मी म्हटलं, एकूणच. जाऊबाई म्हणाल्या, माणूस बाजूच्या टेबलावर किती दिवस बसेल, पाहुण्यासारखा? मी म्हटलं, त्याला सवय आहे, तुमच्याकडे लग्नात त्याला बाजूच्याच टेबलावर बसवलं होतं.

त्यांनी आणखी एक पोळी वाढून घेतली. मला बरं वाटलं. 

जाताना दीर दारात थांबले. चप्पल घालत, माझ्याकडे न बघता म्हणाले, “आ-खुआन, तो काही भांडायला परत यायचा नाही. तू त्याला तिथे ठेवलंस तरी.”

त्यांना वाटतं मी त्याला सोडायला तयार नाही. लोक काहीही समजतात. मी फक्त तपास पूर्ण करतेय.

१९ एप्रिल

वर्ष झालं.

सकाळी माशाची पेज, दुपारी बांबूच्या कोंबांतलं डुकराचं मटण, संत्री, दोन सिगारेटी पेटवून ठेवल्या. मेई-हुई आली. रडली, भांडी घासली, गेली. दिरांना कळवलं की पुढची तारीख पंधरा दिवसांत ठरेल. एक मे होऊन जाऊ दे, मग काय ते.

आज जबाब नोंदवते, कारण आता लिहिला नाही तर शब्द इकडचे तिकडे होतील. हॉस्पिटलमध्ये शेवटच्या दुपारी तो शुद्धीवर होता. नाकात नळी. खिडकीबाहेर कुणीतरी पिकअप रिव्हर्स घेत होतं, त्याची टिंटिंग चालू होती. त्याने ते गाणं पुटपुटायला सुरुवात केली. पहिली निळी ओळ. आवाज नव्हताच, ओठ होते. ओळ संपली आणि थांबला. मग म्हणाला, “आता तुझं.”

मी मागे वळून दाराकडे बघितलं. दारात कुणी नव्हतं.

खोलीत मी एकटी होते. म्हणजे तो माझ्याशी बोलत नव्हता. शेवटच्या घटकेलाही त्याला तीच दिसत होती.

मी त्याच्या ओठांना ओला कापूस लावला. तो वाट बघत राहिला. मग डोळे मिटले.

यापेक्षा मोठा पुरावा कोणता?

२७ एप्रिल

तयारी. केस कुरळे करून घेतले. आठवडाभर मेंढीसारखी दिसेन, पण पुढे बसतील असं पार्लरवालीचं म्हणणं. जांभळा ब्लाऊज इस्त्री केला. आ-शुईचा फोटो पर्समध्ये, कारखान्याच्या निरोप समारंभातला, त्यात तो बरा दिसतो.

स्टेजमागे शिरण्यासाठी युक्ती: सुक्या लाल कोळंबीची पिशवी. कलाकाराला भेट आणली म्हटलं की कुणी अडवत नाही.

आरशापुढे प्रश्न म्हणून बघितले. पहिल्यांदा फार रागावलेली दिसले. दुसऱ्यांदा भीक मागितल्यासारखं झालं. तिसऱ्यांदा पाओ-यूने भिंतीवर थाप मारून विचारलं, कुणाशी बोलतेयस? म्हटलं, टीव्ही. ती म्हणाली, टीव्हीला सांग, आवाज कमी कर.

एकदा का तिने कबूल केलं, की मी सगळं ऐकून घेणार. आरडाओरडा नाही. ‘असं होतं तर’ एवढंच म्हणणार आणि उठणार. पाठ ताठ.

१ मे, संध्याकाळ

झालं. भेटले.

देवळापुढे मुंगीला शिरायला जागा नव्हती. फटाक्यांच्या धुराने माझूदेवीही खोकत असेल. स्टेजमागे निळ्या ताडपत्रीचा आडोसा, तिथे को लान-शिनची मदतनीस बाई, माझ्याच वयाची, दाराशी स्टूल टाकून बसलेली. कोळंबी बघितली, वास घेतला, आत सोडलं.

को लान-शिन प्लास्टिकच्या खुर्चीत बसून डब्यातला भात खात होती. गुडघ्याला पट्टा. चेहऱ्यावर अर्धाच मेकअप, डावा डोळा तयार, उजवा साधा. मालिकेत हिला बघून गावातल्या सुनांची झोप उडायची. खरी बाई माझ्या खांद्याएवढी असेल.

आरशापुढे घोकलेलं सगळं विसरले. फोटो काढून पुढे धरला. म्हटलं, “यांना ओळखता का?”

तिने चष्मा लावला. नीट बघितलं, हे मान्य करते. बराच वेळ बघितलं. मग म्हणाली, “नाही हो ताई. कोण हे?”

म्हटलं, बर्फाच्या कारखान्यातले. मासळीबाजारामागे. तुम्ही लहानपणी एक हिवाळा इथे होतात.

ती म्हणाली, त्या हिवाळ्यातलं तिला थंडी आणि बापाचा खोकला एवढंच आठवतं. लोकांकडे तिने बघितलंच नव्हतं, त्यांच्या ताटांकडे बघायची. भूक लागलेली असायची.

मी हटले नाही. म्हटलं, हे आयुष्यभर तुमचं द्वंद्वगीत गात होते. दर रविवारी. नुसत्या निळ्या ओळी. लाल ओळींना गप्प. दुसऱ्या कुणाला म्हणू द्यायचे नाहीत. याचा अर्थ काय, सांगा.

तिने चमचा खाली ठेवला. विचारलं, “ते गात होते तेव्हा शेजारी कोण उभं असायचं?”

“मी.”

“हातात काय असायचं तुमच्या?”

पुढचं उद्या लिहीन. डोळ्यांत धूर गेलाय.

२ मे

नटी आहे. नाही म्हणणं, न ओळखणं, हे तिला साठ वर्षांच्या सरावाने येतं. तिच्या ‘नाही हो ताई’वर विश्वास ठेवायचा तर मग सिनेमांत ती खरोखरच मेली होती म्हणायला हवं.

शिवाय रागही आला. माझा नवरा जन्मभर हिचं गाणं गातो आणि हिला त्याचं नाव माहीत नाही? निदान चेहरा तरी आठवायला हवा होता. इतका काही वाईट दिसत नव्हता.

कोळंबी परत मागायला हवी होती.

३ मे

काही लिहिण्यासारखं नाही. कपडे धुतले. आ-शुईला भात, मुळ्याचं लोणचं. नाण्यांना काही विचारलं नाही.

४ मे

लिहिते.

तिने विचारलं, हातात काय असायचं. मी म्हटलं, माईक. दुसरा माईक. धरायला दिलेला.

मदतनीस बाई दारातून वळून माझ्याकडे बघायला लागली. बाहेर कुणीतरी ‘वन, टू, वन, टू’ करत आवाज तपासत होतं.

मी म्हटलं, मी गात नाही. मला गाता येत नाही. कालवं सोलताना सगळ्या बहिणी गायच्या आणि आत्या मला म्हणायची, तू नुसती सोल.

को लान-शिनने डब्याचं झाकण लावलं. म्हणाली, “त्या लाल ओळीला आवाज लागतच नाही. माझ्या घशाचं ऑपरेशन झालं, त्यानंतर तेवढी एकच ओळ मला गाता येत होती. म्हणून तर जपानला गेले. तिथे लोकांना कळत नव्हतं की मला बाकी काही येत नाही.” मग आरशाकडे वळून उजवा डोळा रंगवायला घेतला आणि तसंच आरशात बघत म्हणाली, “कितीदा दिला त्यांनी तो माईक तुम्हाला?”

मला उत्तर द्यायचं होतं. रविवार किती असतात वर्षाला.

मी ‘असं होतं तर’ म्हटलं आणि उठले. पाठ ताठ ठेवली होती. ताडपत्रीच्या दोरीला अडखळले, ते मोजायचं नाही.

मग स्टेजपुढे मागच्या रांगेत उभी राहून तिचं गाणं ऐकलं. पुरुषाच्या ओळी म्हणायला कमिटीचे कुओ काका वर गेले, शर्ट खोचून. ते ओरडले, तू अजून उभी आहेस का, आणि ती म्हणाली, उभी आहे. आवाज खरंच राहिलेला नाही तिचा. नुसतं बोलल्यासारखं म्हणते. 

घरी आले आणि छोट्या टेबलापुढे बसले. नाणी उचलली आणि परत ठेवली. काय विचारणार? ‘मलाच का रे?’ असं विचारायचं तर तो पुन्हा हसला असता.

बोलायला काय झालं होतं त्याला? ‘गा’ म्हणायला एक अक्षर लागतं. इतकी वर्षं नुसता माईक हातात देत राहिला. फिटर माणूस. हत्यार हातात दिलं की पुढचं समोरच्याला कळतं, असं त्याला वाटायचं.

आणि हॉस्पिटलमध्ये मी दाराकडे बघितलं.

६ मे

दिरांना फोन केला. म्हटलं, अकराला या, रविवार आहे. ते म्हणाले, ग्रह सुधारले वाटतं. म्हटलं, एकूणच.

मेई-हुई म्हणाली, पंचांगात अकरा चांगला नाही. म्हटलं, फोनवर विश्वास ठेवू नये.

८ मे

सराव. खिडक्या लावून, पंखा जोरात. एकच ओळ आहे, त्यात काय.

पाओ-यू धावत आली. तिला वाटलं मी न्हाणीघरात पडले.

११ मे, सकाळ

राख मिळवली. दिरांनी चिमूट उचलली आणि मोठ्या कुंड्यात सोडली. बोटभर धूर वर गेला. बस एवढंच. नाव लिहिलं, त्यांचं अक्षर चांगलं आहे. छोटं टेबल उचललं तेव्हा त्याच्या खाली फरशीवर चार पायांचे डाग राहिले होते. जाऊबाई पुसायला वाकल्या. मी म्हटलं, राहू दे, मी बघते.

जिथे टेबल होतं तिथे खोली उगाच मोठी वाटते.

११ मे, संध्याकाळ

वडाखाली गेले. रविवारची मंडळी होती. जांभळा ब्लाऊज घातला होता, केसही थोडे बसलेत. कुओ काकांना म्हटलं, ते गाणं लावा. त्यांनी मान वर करून बघितलं. निळ्या ओळी कोण म्हणणार, एवढंच विचारलं. पाओ-यू लगेच उठली. म्हणाली, मी म्हणते हवं तर, पुरुषाचा आवाज काढून.

“राहू दे,” मी म्हटलं. आणि दुसरा माईक तिच्या हातात दिला. “हा धर.”

“मी काय हमाल आहे?” पाओ-यू म्हणाली. पण धरला.

वाजंत्र सुरू झालं. निळी ओळ आली, पडद्यावर एकटीच रंगत गेली, कुणी म्हटली नाही. बंदर मागे पडलं, तू अजून उभी आहेस का? मग लाल ओळ आली आणि मी म्हटली. उभी आहे. पाय दुखतात, पण उभी आहे. तिन्ही वेळा म्हटली. दुसऱ्यांदा थोडी आधी सुरू झाले, तिसऱ्यांदा थोडी उशिरा. पायांचं म्हणाल तर ते खरोखरच दुखत होते.

गाणं संपल्यावर यंत्र गुण देतं. मला अडतीस दिले. कुओ काका म्हणाले, यंत्र जुनं झालंय. पाओ-यू म्हणाली, नाही, यंत्र ठीक आहे.

घरी येऊन मोठ्या कुंड्यापुढे उदबत्ती लावली, नाणी घेतली आणि विचारलं, ऐकलं का?

दोन मुंडकी.

आता कुंडा सगळ्यांचा आहे. सासरे, सासूबाई, त्यांच्या आधीचे, नावंही माहीत नाहीत असे. त्यामुळे नेमकं कोण हसलं ते सांगता येत नाही.

पण माझा एकावर संशय आहे.